प्रेमाआधी सातबारा

बाबूराव पेंटरांनी १९२५ साली कोल्हापुरात ‘सावकारी पाश’ हा मूकपट काढला, तेव्हा पडद्यावर राज्य होते देवादिकांचे आणि इतिहासपुरुषांचे. इथे मात्र नायक एक साधा शेतकरी. सावकार लबाडीने त्याची जमीन गिळतो आणि तो शहरात येऊन गिरणीकामगार होतो. हा शेतकरी रंगवला होता तरुण व्ही. शांतारामांनी; कथा ना. ह. आपटे यांची. निर्माते जे. बी. एच. वाडिया यांना त्यातले एक दृश्य पुढे कैक वर्षे आठवत होते: अंधुक उजेडातले उदास खोपटे आणि गळा काढणारे कुत्रे. मूकपटातले कुत्रे, तरी त्याचे रडणे लक्षात राहिले!

प्रेम की घरचे कर्तव्य, हा आपल्या ग्रामीण चित्रपटाचा ठरलेला पेच. त्यात बाप हट्टी, पोरगा हळवा, शेवटी रडारड. पण शेतकऱ्याच्या घरात हे कर्तव्य बरेचदा कर्जाच्या वहीतून येते. यंदा लग्न करायचे की नाही, हे पोराच्या मनाआधी सोयाबीनचा भाव ठरवतो. मराठवाड्यात हे कुणाला समजावून सांगावे लागत नाही.

आपट्यांच्याच ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवरून शांतारामांनी १९३७ मध्ये ‘कुंकू’ काढला. मामाने म्हाताऱ्या विधुर वकिलाशी लावून दिलेले लग्न नीरा मानत नाही. नात्याचा धाक तिथेही आहे, पण ती ठणकावून बोलते. भाऊराव कऱ्हाडेंच्या ‘ख्वाडा’मधल्या बाळूला तेवढी मोकळीक नाही. त्याला लग्न करून घर थाटायचे आहे, पण मेंढरांमागे भटकणाऱ्या घरात त्याच्या मनाला विचारतो कोण? बापाचे सारे लक्ष गेलेल्या जमिनीच्या खटल्यावर. ‘सावकारी पाश’नंतर नव्वद वर्षांनी, २०१५ साली प्रदर्शित झालेल्या या चित्रपटातही गोष्ट पुन्हा जमिनीवरच येते. दरम्यान राज्यात २०१४ चा सावकारी नियमन कायदा आला, तरी खासगी सावकाराचा उंबरठा काही ओस पडलेला नाही.

‘सावकारी पाश’ मूकपटाची प्रत आज उपलब्ध नाही. पण छत्रपती संभाजीनगरात भरणाऱ्या अजिंठा-वेरूळ आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाने ‘कुंकू’ आणि ‘ख्वाडा’ एकाच दिवशी दाखवावेत आणि मधल्या वेळेत पेंटरांच्या शेतकऱ्यावर कुणी तासभर बोलावे. जागतिक सिनेमाची मेजवानी हवीच, त्याबद्दल तक्रार नाही. मात्र या दिवशी प्रवेश मोफत असावा, आणि खेळ इतक्या लवकर सुटावा की पैठण-कन्नडच्या प्रेक्षकाला शेवटची एसटी मिळेल.