सोंग घेणारे यंत्र

१९९०च्या दशकात, मी शाळेत असताना, कवठे महांकाळला आमच्या गल्लीत एकाच घरी व्हिडिओ गेम होता. खेळ चालेना, की कॅसेट काढायची, फुंकर मारायची आणि पुन्हा खोचायची. (गुण फुंकरीचा नव्हे, पुन्हा खोचल्याने विजेचा संपर्क सुधारे. फुंकरीतल्या ओलाव्याने पट्ट्या उलट खराबच होत.) आज खिशात मावणाऱ्या यंत्रात तुम्ही तेच खेळ खेळता. कॅसेट नाही, ते जुने यंत्रही नाही. मग खेळ चालतो कसा? तुम्ही खेळता याला माझी हरकत नाही. हा प्रश्न तुम्हांला पडत नाही, याला आहे.

गावात येणारा बहुरूपी आठवा. पोलिसाची चाल, दरडावणी, सगळे हुबेहूब! नव्या यंत्रातली एम्युलेटर नावाची आज्ञावली असेच सोंग आणते. निन्टेन्डोचा फॅमिकॉम जपानमध्ये १९८३ साली निघाला. आपल्या बाजारात आल्या त्या बहुतेक त्याच्या नकला. त्याचा प्रोसेसर सेकंदाला सुमारे १७ लाख ९० हजार ठोक्यांवर चाले आणि कामाची स्मृती अवघी २ किलोबाइट. नवे यंत्र त्याची एकेक आज्ञा वाचते, तिचा अर्थ लावते आणि स्वतःच्या अनेक आज्ञांनी तेच काम पार पाडते. एवढ्याने भागत नाही. मूळ यंत्रात प्रोसेसरच्या एका ठोक्यात चित्र काढणारी चिप तीन ठिपके पुढे सरके. ही लय चुकली, की काही खेळांत चित्र थरथरते किंवा खेळ अडतो. म्हणून लहान यंत्राचे सोंग वठवायला पुष्कळ वेगवान यंत्र लागते.

एक यंत्र दुसऱ्याचे काम करू शकेल, हे ॲलन ट्यूरिंग यांनी १९३६ सालीच गणिताने दाखवले होते. एवढी मोठी कल्पना खिशात असून आपण नुसती बटणे दाबायची?

स्वस्त यंत्रांत हजारो खेळ भरून येतात, ते बहुधा मालकांच्या परवानगीवाचून. त्यापेक्षा आपले सोंग आपणच रचावे. शिक्षकांनी संगणकाच्या तासाला ‘चिप-८’ घ्यावे, असे माझे स्पष्ट मत आहे. जोसेफ वाइसबेकर यांनी १९७०च्या दशकात आखलेले हे कल्पित यंत्र. पडदा ६४ गुणिले ३२ ठिपक्यांचा, स्मृती ४,०९६ बाइट, आज्ञा फक्त ३५. नववी-दहावीच्या मुलांना पायथॉनमध्ये जमण्याजोगे आहे. ६ने सुरू होणारी आज्ञा सांगते, ‘ही संख्या अमुक कप्प्यात ठेव’. ७ने सुरू होणारी, ‘त्या कप्प्यात इतके मिळव’. आधी या दोनच लिहून पाहा.