विरोध आणि विरोधाभास

अद्भुतकथा लिहिणाऱ्या व वाचणाऱ्या मंडळींत हल्लीं एक मत ऐकूं येतें. तें असें कीं, कल्पित जगांतील सामर्थ्याचा खरा उगम विरोधांत असतो. जो जादूगार एकाच वस्तूविषयीं ‘आहे’ आणि ‘नाहीं’ हीं दोन्ही एकाच क्षणीं मानूं शकतो, त्याला सृष्टीचे नियम बांधीत नाहींत. जितका विरोध मोठा, तितकी त्याची शक्ति मोठी. या मताला तत्त्वज्ञानाचा डौल आहे, आणि तरुण लेखकांना त्याची भुरळ पडावी यांत नवल नाहीं. तथापि आमच्या समजुतीप्रमाणें हें मत अद्भुतकथेच्या मुळावरच घाव घालणारें आहे, व त्याचा समाचार घेणें आम्हांस अवश्य वाटतें.

तर्कशास्त्राचा एक जुना सिद्धांत आहे : परस्परविरुद्ध अशीं दोन विधानें एकदां खरीं धरलीं कीं त्यांतून वाटेल तें निष्पन्न करितां येतें. नव्या मताचे अभिमानी नेमका यालाच भुलले आहेत. ‘वाटेल तें’ एवढेंच त्यांनीं ऐकलें; तें कोणाला, हें विचारण्याचें त्यांस भान राहिलें नाहीं. विरोधांतून नायकाला सर्व कांहीं शक्य झालें तर तें खलालाहि शक्य झालें, आणि नायकाच्या घरच्या पाणक्यालाहि झालें! मग राजकन्येच्या सुटकेची काळजी वाचकानें कां करावी? ती सुटली आहे आणि सुटली नाहींहि. अशा कथेचें दुसरें प्रकरण लिहिण्याचें तरी कारण काय?

आमच्या जुन्या आलंकारिकांनीं या बाबतींत जो विवेक दाखविला तो या मंडळींनीं अवश्य पाहावा. त्यांनीं अलंकाराला नांव दिलें तें ‘विरोधाभास’. विरोध दिसतो, पण तो आभास असतो. श्लेषानें वा अन्य मार्गानें त्याचा परिहार होतो, आणि त्या परिहाराच्या क्षणींच चमत्कृति उत्पन्न होते. ज्या विरोधाला परिहार नाहीं, त्याला मम्मटानें ‘व्याहत’ म्हणून दोषांच्या यादींत बसविलें. अलंकार आणि दोष यांतील हें अंतर पुसून टाकणें म्हणजे नवा सिद्धांत मांडणें नव्हे.

नृसिंहाची कथा घ्या. ती प्रत्येक घरांत सांगितली जाते, म्हणूनच तिची बांधणी आपल्या ध्यानांत येत नाहीं. हिरण्यकशिपूनें ब्रह्मदेवाकडून वर मागितला तो एखाद्या मुरलेल्या वकिलानें करारपत्र लिहावें तसा : घरांत नको नि बाहेर नको, दिवसा नको नि रात्रीं नको, भूमीवर नको नि आकाशांत नको, मनुष्याकडून नको नि पशूकडून नको, शस्त्रानें तर नकोच. सर्व दारें बंद झालीं. आतां ज्याच्या हातीं सर्व सामर्थ्य आहे त्या विष्णूला हा वर फाडून फेंकणें कठीण होतें काय? नव्या मतानुसार त्यानें तेंच करावयास हवें होतें; दिवस हीच रात्र असें म्हणून मोकळें व्हावयाचें! परंतु पुराणकारांनीं तसें होऊं दिलें नाहीं. वेळ निवडली सांज, जागा उंबरठा, आसन मांडी, आयुध नखें. वराचा एक शब्दहि मोडला नाहीं. शब्द पाळला गेला म्हणूनच दैत्य मेला. तो मोडला असता तर प्रल्हादाचा कैवारी आणि त्याचा छळक यांत बळाच्या प्रमाणाखेरीज फरक उरला नसता.

अकराव्या शतकांत सोमदेवानें ‘कथासरित्सागरा’त आणलेली वेताळाची गोष्टहि तशीच. उत्तर ठाऊक असून बोललें नाहीं तर डोकें फुटेल. बोललें तर प्रेत पुन्हा झाडावर. राजा प्रत्येक वेळीं बोलतो आणि प्रत्येक वेळीं हरतो. अखेरीस असा प्रश्न येतो : बापानें एका मुलीशीं व त्याच्या मुलानें तिच्या आईशीं लग्न केलें, तर त्यांच्या मुलांचें परस्पर नातें काय? राजाला उत्तर सुचत नाहीं, तो गप्प राहतो, आणि जिंकतो. जो ज्ञानानें इतके वेळां हरला तो अज्ञानानें सुटला, हा केवढा सुंदर विरोधाभास! पण तो अटींच्या आंत राहून साधलेला आहे, हें विसरतां कामा नये. कॅरोलच्या 1871 सालच्या आरशापलीकडच्या देशांतहि राणी गांठण्यासाठीं ॲलिसला उलट दिशेनें चालावें लागतें. कारण तो आरसा आहे. गणिताच्या अध्यापकाचें तें जग आहे, वेड्यांचा बाजार नव्हे.

येथें कोणी उलटबांसी व कूट अभंग पुढें करतील. त्यांना आमचें उत्तर थोडक्यांत आहे. संतांनीं विरोधी बोल वापरले ते वाणीची मर्यादा दाखविण्यासाठीं. त्यांतून लढाया जिंकण्याचें बळ त्यांनीं कधीं मागितलें नाहीं.

हा वाद केवळ वाङ्मयाचा असता तर आम्हीं इतकी शाई खर्च केली नसती. विरोध मनांत बाळगणें हेंच सामर्थ्य, हें मत एका कादंबरीनें शेवटापर्यंत नेऊन दाखविलें आहे. ती ऑर्वेलची 1949 सालची ‘नाइन्टीन एटी-फोर’. तींतील राज्यकर्ता पक्ष दोन विरुद्ध गोष्टी एकत्र मानण्याचा अभ्यास प्रजेकडून करवून घेतो, आणि दोन व दोन पांच होतात असें नायकाकडून वदवितो. पहा, विरोधाचें बळ सिद्ध झालें, असें कोणी म्हणेल. पण तें बळ कोठून आलें? कोठडींतून आणि यातनायंत्रांतून आलें. पांच म्हणणाऱ्या विन्स्टनला कोणती शक्ति लाभली? त्याच्याजवळ होती तीहि गेली. आज जो मुलगा जादूगाराच्या ‘आहे-नाहीं’ला टाळी देतो, तोच उद्यां काल एक व आज दुसरें बोलणाऱ्या पुढाऱ्याला चतुर म्हणूं लागला तर त्याला दोष कोणत्या तोंडानें द्यावा?

ज्या लेखकांना हें मत अजूनहि सोडवत नसेल त्यांनीं एवढें करावें : आपल्या कल्पित जगाचे नियम पहिल्या प्रकरणावरून कागदावर उतरून घ्यावे, आणि शेवटचें प्रकरण वाचतांना त्यांतले किती शाबूत राहिले तें मोजावें.