सुनेच्या माहेरची चव



पुण्यात आपल्या ओळखीच्या घरांत आता परभाषी सुना येऊ लागल्या आहेत, त्यांत तेलुगू मुलीही आहेत. अशी सून आली की आपण आधी तिला काय चालत नाही ते सांगतो. कांदा-लसूण नाही, कंदमूळ नाही, रात्रीचं जेवण नाही. नियम सांगायलाच हवेत. पण तुझ्या आईच्या हातचं आपल्याला काय चालेल, हे किती जणी विचारतात?

माझं माहेर सोलापूर. तिथल्या पूर्व भागात पद्मशाली विणकरांची तेलुगू घरं पिढ्यान् पिढ्या आहेत. त्यामुळे पुलिहोरा, पप्पू, पोडी हे शब्द मला परके नाहीत. पुलिहोरा म्हणजे चिंचेचा भात. चिंचेचा कोळ, हळद, हिंग, कढीपत्ता, शेंगदाणे, हरभरा डाळीची फोडणी. तो देवळात प्रसादाला असतो, म्हणून कांदा-लसूण त्यात मुळातच नाही. मामिडिकाय पप्पू म्हणजे कैरी घातलेलं तुरीचं वरण. कंदी पोडी म्हणजे भाजलेली तूरडाळ, लाल मिरची आणि जिरं यांची पूड. काही घरी त्यात लसूण घालतात, पण हिंगावरही ती छान होते. गरम भात, पोडी आणि वर तूप, बस्स.

अडचणी येतात, नाही असं नाही. त्यांच्याकडे जेवणाचा शेवट दहीभाताने होतो. डाळीवर कच्चं दही म्हणजे आपल्याला द्विदलाचा दोष. मग आधीचं जेवण संपवून, चूळ भरून, ताट बदलून दहीभात घ्यावा. मज्जिगा पुलुसु ही त्यांची ताकाची आमटी. आपण कढीला करतो तसं ताक आधी नीट तापवायचं, मग पीठ लावायचं. पोडी बरणीभर करून ठेवायची त्यांची पद्धत. आपण पिठाची मर्यादा पाळतो, पावसाळ्यात 3 दिवस, उन्हाळ्यात 5, हिवाळ्यात 7. तशी पोडीही वाटीभरच करावी. धर्म सुटत नाही आणि चवही राहते.

मी कॉमर्सची, म्हणून हिशेबाच्या भाषेत सांगते. आपण सुनेच्या खात्यावर नुसती वजाबाकी मांडतो. तिच्या आजीने आईला आणि आईने तिला शिकवलेलं कुठेही लिहिलेलं नसतं. चिंच किती, गूळ किती, हे हातालाच माहीत असतं. आपल्या घरी तो हात थांबला, तर नातवंडांपर्यंत काही पोहोचणार नाही. ती नातवंडं तिच्या आईचीही आहेत ना?

माझ्या मते आठवड्यातून एक दिवस ओटा तिच्याकडे द्यावा. सासूने शेजारी उभं राहून चिंच कोळावी, नियम समजावावा आणि कृती वहीत उतरवून घ्यावी. वरती तिच्या आईचं नाव मात्र आठवणीने लिहावं.