कंत्राटी कामगाराचा मालक कोण?

कंत्राटी कामगारांच्या दाव्यांत मालकपक्षाकडून जो पूर्वपक्ष मांडला जातो, त्याचा गाभा असा की, कामगाराने नोकरी कंत्राटदाराकडे पत्करली, पगार त्याच्याच हातून घेतला, भविष्यनिर्वाह निधीची वर्गणीही त्यानेच भरली. तेव्हा ज्या आस्थापनेत तो राबतो तिचा तो कामगार नव्हेच. हा युक्तिवाद वरवर बिनतोड वाटतो, परंतु जे सिद्ध करायचे तेच तो गृहीत धरतो. कारण कंत्राट खरे की नुसते दिखाऊ, म्हणजे मालकाची जबाबदारी झाकण्यापुरते उभे केलेले, हाच मूळ वाद असतो आणि दिखाऊ कंत्राटाचे कागद तर हटकून चोख असतात.

1978 साली हुसेनभाई प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी ही मेख अचूक ओळखली होती. ज्याच्या धंद्यासाठी माल तयार होतो आणि ज्याने हात आखडता घेतला की कामगाराची चूल थंडावते, तोच खरा मालक, मध्ये कितीही कंत्राटदार उभे असोत, असा त्या निकालाचा आशय आहे. पुढे 2001 साली पोलाद प्राधिकरणाच्या खटल्यात पाच न्यायाधीशांच्या पीठाने ही वाट अरुंद केली. 1970 च्या कंत्राटी कामगार अधिनियमातील कलम 10 नुसार सरकारने एखाद्या कामात कंत्राटी पद्धतीला बंदी केली, तरी त्यामुळे कामगार आपोआप मूळ मालकाचे होत नाहीत, असे पीठाने ठरवले. मात्र कंत्राट दिखाऊ ठरल्यास ते मूळ मालकाचेच कामगार मानावेत, हे तत्त्व त्यानेही कायम ठेवले. म्हणजे सारा भार आता ‘दिखाऊ’ या एका शब्दावर येऊन ठेपला आहे.

तो शब्द सिद्ध कशाने करायचा? सफाई कामगाराचेच उदाहरण घ्या: सकाळी चौकीवर हजेरी कोण मांडतो, गल्ल्या कोण वाटून देतो, झाडू, घमेले नि फावडे कोणाचे, रजा मागायची ती कोणाकडे, आणि कंत्राटदार बदलला तरी तोच माणूस त्याच गाडीवर त्याच ठिकाणी कचरा उचलतो की नाही, या साध्या गोष्टींवरून मालक ओळखता येतो. मुंबईत महापालिकेचा कचरा उचलणाऱ्यांना कागदोपत्री ‘स्वयंसेवक’ म्हटले गेले आणि त्यांच्या मजुरीला ‘मानधन’. परंतु शहराचा कचरा उचलणे हे 1888 च्या मुंबई महापालिका अधिनियमाने पालिकेवर घातलेले बंधनकारक कर्तव्य आहे, आणि असे बारमाही काम स्वयंसेवेच्या नावाखाली चालवणे हे कायद्याला बगल देणे होते. कचरा वाहतूक श्रमिक संघाने हा लढा न्यायाधिकरणापासून सर्वोच्च न्यायालयापर्यंत नेला आणि 2017 साली सुमारे 2,700 कामगारांना कायम करण्याचा आदेश मिळवला.

यावर दुसरा आक्षेप समानतेच्या नावाने घेतला जातो. 2006 च्या उमादेवी निकालाचा हवाला देऊन सांगितले जाते की, सार्वजनिक सेवेत जाहिरात व स्पर्धा यांवाचून कोणी कायम झाला, तर तो मागील दाराने प्रवेश ठरतो. आक्षेप गंभीर आहे आणि वशिल्याच्या भरतीबाबत तो रास्तही आहे. पण ज्या संस्थेने बारमाही कामाची पदे वर्षानुवर्षे भरली नाहीत, तिनेच मागील दार उघडले. त्या दाराने कमी पगारात आत घेतलेल्या माणसाला त्याचा दोष लावणे अन्यायाचे आहे. 2009 साली एसटीच्या बसगाड्या धुणाऱ्या कामगारांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानेच स्पष्ट केले की, मालकाने अनुचित कामगार प्रथा केली असेल, तर तिचे निवारण करण्याचा औद्योगिक न्यायालयाचा अधिकार उमादेवी निकालाने संपत नाही.

खरी कोंडी आणखी खाली आहे. कायम न करता वर्षानुवर्षे तात्पुरते राबवणे ही महाराष्ट्राच्या 1971 च्या कायद्यानुसार अनुचित प्रथाच आहे. परंतु सिप्ला प्रकरणात 2001 साली असे ठरले की, मालक-कामगार हे नातेच वादग्रस्त असेल, तर आधी औद्योगिक विवाद कायद्याखाली ते सिद्ध करून यावे. परिणामी मालकाने नुसते ‘हा आमचा नव्हे’ म्हटले, की कामगाराच्या तोंडावर जवळचे दार, म्हणजे 1971 च्या कायद्याखाली औद्योगिक न्यायालयात थेट दाद मागण्याचे, बंद होते. शिवाय नाते सिद्ध करायचे ते हजेरीपट, वेतनपत्रके आणि कंत्राटाच्या अटी यांवरून, आणि हे सारे असते मालकाच्या नाहीतर कंत्राटदाराच्या कपाटात. एखादी गोष्ट ज्याच्या खास माहितीतली, ती शाबीत करण्याचा भार त्याच्यावर, हे पुराव्याच्या कायद्याचे जुनेच तत्त्व आहे. तेच येथे लावले पाहिजे: कामगाराने आपण त्या जागी, त्या आस्थापनेसाठी राबलो एवढे दाखवावे, आणि कंत्राट खरे होते हे मालकाने शाबीत करावे.

नोव्हेंबर 2025 पासून लागू झालेल्या श्रमसंहितांनी हा भार मालकावर टाकलेला नाही. आस्थापनेच्या ‘गाभ्याच्या’ कामात कंत्राटी पद्धतीला त्यांनी बंदी केली खरी, पण अपवादही ठेवले आणि सफाई, पहारा, उपाहारगृह ही कामे, आस्थापना त्यासाठीच स्थापन झालेली नसेल तर, गाभ्याबाहेर टाकली. आता पालिका ‘सफाईसाठी स्थापन झालेली’ आहे की नाही, यावर नव्याने वकिली चालेल. आणि कागदाची पकड किती चिवट असते, हे मुंबईच्या त्याच कामगारांनी 2017 चा निकाल जिंकल्यावरही अनुभवले, कारण यादीतले नाव आणि ओळखपत्रावरचे नाव यांच्या स्पेलिंगमध्ये एखाद्या अक्षराचा फरक निघाला म्हणून त्यांतल्या अनेकांची नेमणूक पुढेही अडून राहिली.