खडकीच्या पोरांना लीग दिसू द्या

प्रति,
श्री. दिलीप तिर्की,
अध्यक्ष, हॉकी इंडिया

आदरणीय दिलीपजी,


1 फेब्रुवारी 2025 च्या रात्री मी पुण्यात, खडकीच्या घरात टीव्हीसमोर बसलो होतो. राउरकेल्याच्या बिरसा मुंडा स्टेडियमवर हॉकी इंडिया लीगचा अंतिम सामना चालला होता. जुगराज सिंगने एकट्याने तीन गोल केले आणि राढ बंगाल टायगर्सनी हैदराबाद तूफान्सला 4-3 असं हरवलं. 2017 पासून बंद पडलेली लीग परत आली होती, भरलेल्या स्टेडियममध्ये पोरं नाचत होती. मला मनापासून आनंद झाला. तो आनंद आधी तुमच्यापर्यंत पोहोचवतो, कारण बंद पडलेली गोष्ट पुन्हा उभी करणं नवी उभारण्यापेक्षा अवघड असतं.

सामना संपल्यावर मी संघ मोजले. दिल्ली, कलिंग, तमिळनाडू, उत्तर प्रदेश, गोनासिका, हैदराबाद, सूरमा, बंगाल. आठ संघ, आणि त्यात महाराष्ट्र नाही. महिलांचे चार संघ होते, त्यांतही नाही.

हे नेहमीच असं नव्हतं. 2013 साली लीग सुरू झाली तेव्हा पाच संघांत मुंबईचा एक होता. पुढे त्याच्या जागी दबंग मुंबई आला आणि 2017 च्या अंतिम सामन्यापर्यंत गेला. तिथे कलिंग लान्सर्सकडून 1-4 असा हरला, पण तिथवर पोहोचला होता. त्याआधी 2005 ची प्रीमियर हॉकी लीग आठवा. मराठा वॉरियर्स नावाचा संघ होता, कर्णधार धनराज पिल्लै. ते सगळे सामने मात्र हैदराबादच्या गचिबावलीत झाले. आमच्या माणसाला आमच्या नावाच्या जर्सीत आम्ही टीव्हीवरच पाहिलं.

धनराजबद्दल मी तुम्हाला काय सांगणार? 1998 ला बँकॉकमध्ये 32 वर्षांनी एशियाडचं सुवर्ण आलं तेव्हा तो कर्णधार होता आणि बचावफळीत तुम्ही होतात. 2004 ला अथेन्समध्ये कर्णधार तुम्ही होतात, आणि संघात खडकीचा धनराज होता, मुंबईचा विरेन रस्किन्हा होता. त्यानंतर टोकियोत 41 वर्षांनी ऑलिंपिक पदक आलं, पॅरिसमध्ये लागोपाठ दुसरं आलं. त्या दोन्ही संघांत महाराष्ट्राचा एकही खेळाडू नव्हता. पदकांचा आनंद कमी झाला नाही, पण खडकीत राहणाऱ्याला ही गोष्ट सलते. दारूगोळा कारखान्याच्या वसाहतीत, तुटलेल्या स्टिकला सुतळी गुंडाळून खेळणाऱ्या पोरांमधून धनराज वर आला, हे इथल्या प्रत्येक घराला ठाऊक आहे. पोरं आजही खेळतात. फक्त त्यांच्या डोळ्यांसमोर मोठा खेळ उरलेला नाही.

टीव्हीवर दिसतं की, असं कुणी म्हणेल. दिसतं, पण काय दिसतं? कॅमेरा चेंडूमागे धावतो. चेंडू नसलेल्या बाजूला आघाडीचा खेळाडू बचावपटूला हळूच बाजूला ओढून कशी जागा मोकळी करतो, ते मैदानात बसल्याशिवाय कळत नाही. सामना सत्तर मिनिटांचा असो की साठ, गोलकीपर अखंड ओरडत असतो, मागून सगळी फळी हलवत असतो, ते ऐकायला कठड्याला टेकून उभं राहावं लागतं. ड्रॅग फ्लिक गोलच्या फळीवर आदळते तो आवाज छातीत जाणवतो. चर्चगेटच्या महिंद्रा स्टेडियमवर लीगचा एक सामना पाहायला मी भाच्याला नेलं होतं. गोल किती झाले ते तो आता विसरला आहे. पण परदेशी पाहुणा खेळाडू सामन्याआधी एकटाच कितीतरी वेळ साधा चेंडू थांबवायचा सराव करत होता, हे त्याला अजून आठवतं. त्या दिवसानंतर तो स्वतःही तेच करू लागला. प्रशिक्षक वर्षभर जे सांगून थकतो ते असं एका संध्याकाळी उमगतं.

तुम्ही हे माझ्यापेक्षा जास्त जाणता. सुंदरगढच्या गावोगावी बोकडाच्या बक्षिसासाठी सामने होतात, अख्खं गाव कडेला उभं असतं, आणि त्या कडेवरूनच पोरगं एक दिवस आत उतरतं. राउरकेल्यात वीस हजारांचं स्टेडियम भरतं ते त्या कडेमुळे. खडकीची कड हळूहळू रिकामी होते आहे.

संघाला मालक मिळाला नाही तर आम्ही काय करणार, हे उत्तर मला अपेक्षित आहे. त्यात तथ्यही आहे, आणि दोष आमच्याकडे मोठा आहे. ओडिशा सरकार 2018 पासून राष्ट्रीय संघांच्या पाठीशी पैसा घेऊन उभं आहे. आमच्या सरकारने हॉकीसाठी तसा हात पुढे केलेला नाही. सूरमा संघ जेएसडब्ल्यू समूहाचा, म्हणजे मुंबईच्या उद्योगाचा, आणि तो खेळतो पंजाब-हरयाणासाठी. त्यांनी हॉकीत पैसा घातला याचं कौतुकच आहे. पण मुंबईत एवढे उद्योग असताना मुंबईसाठी कुणी पुढे येऊ नये, ही आम्हा महाराष्ट्राच्या लोकांसाठी लाजेची गोष्ट आहे.

तरीही मालक नाही म्हणून संघ नाही, हे मला आता पटत नाही. 2026 च्या हंगामात उत्तर प्रदेशचा संघ बाहेर पडला, तेव्हा लीगच्या गव्हर्निंग कौन्सिलने स्वतःचा संघ मैदानात उतरवला. खेळाडूंचा हंगाम वाया जाऊ दिला नाही. हा निर्णय योग्य होता. मग तोच मार्ग महाराष्ट्रासाठी दोन वर्षं का खुला नसावा? कौन्सिलने संघ चालवावा, मालक शोधत राहावं, सापडला की त्याच्या हाती द्यावा.

तेवढंही लगेच जमणार नसेल, तर निदान सामने द्या. 2026 ला पुरुषांची लीग चेन्नई, रांची आणि भुवनेश्वरला झाली. त्यात चौथं ठिकाण वाढवा. महिंद्रा स्टेडियम आहे. पिंपरीच्या नेहरूनगरात मेजर ध्यानचंद स्टेडियम आहे. डिसेंबर 2021 मध्ये पुरुषांची वरिष्ठ राष्ट्रीय स्पर्धा तिथेच झाली. काही दुरुस्ती लागेल, प्रकाशझोत तपासावे लागतील, प्रक्षेपणाच्या अडचणी असतील. त्या सुटण्यासारख्या आहेत.

आणखी एक. प्रत्येक संघात किमान चार ज्युनियर घेण्याचा तुमचा नियम फार चांगला आहे. आठ संघ म्हणजे 32 पोरं, जगातल्या उत्तम खेळाडूंसोबत एका ड्रेसिंग रूममध्ये. 2017 ला चौदा वर्षांचा असलेला मुलगा लीग परतली तेव्हा एकविशीत होता. त्याच्या वयाच्या पोरांची ही संधी तशीच निघून गेली. आज चौदाचे असलेल्यांची जाऊ देऊ नका.

पुढच्या हंगामाचं वेळापत्रक ठरवायला बसाल तेव्हा मुंबई आणि पिंपरी ही दोन नावं टेबलावर ठेवा. चार सामने द्या. शाळांची पोरं आणून स्टँड भरायची जबाबदारी आम्ही खडकीकर घेतो.

आपला,
खडकीचा एक हॉकीप्रेमी