पुसण्याआधी विचारा

दसरा झाला की आपल्याकडे माळे उपसायला सुरुवात होते. औशासारख्या तालुक्याच्या गावातही आता तांब्या-पितळेच्या भांड्यांबरोबर आणि गोधड्यांच्या बोचक्यांबरोबर माळ्यावरून आणखी एक वस्तू खाली येते. वीस वर्षांपूर्वी हौसेनं घेतलेलं व्हिडिओ गेमचं काळं यंत्र. वायरी गुंडाळलेल्या, एका रिमोटचं बटण तुटलेलं. मुलगा पुण्याला किंवा हैदराबादला नोकरीत असतो. भंगारवाला दारात उभा असतो. यंत्र वजनकाट्यावर चढतं आणि त्याच्या तोंडाशी खोचलेलं काडेपेटीएवढं कार्डही त्याच्याबरोबर जातं. ते काढून घ्यावं, असं कुणाला सुचत नाही.

मला आज बोलायचं आहे ते या कार्डाविषयी. विषय पोरकट वाटेल. पण एखाद्याची नोंद कुणी, कधी आणि कुणाला विचारून पुसायची हा प्रश्न पोरकट नाही. बँकेत आयुष्य गेलेल्या माणसाला तरी तो तसा वाटत नाही.

ज्यांच्या घरात हे यंत्र कधी आलं नाही, त्यांच्यासाठी थोडं मागं जायला हवं. नव्वदच्या दशकात टीव्हीला जोडायची स्वस्त यंत्रं आपल्याकडे आली. त्यात खेळाची ‘कॅसेट’ खुपसायची आणि मारिओला उड्या मारायला लावायच्या. त्या मारिओला खेळ अर्ध्यावर ठेवण्याची सोय नव्हती. आठ जगं पार करायची तर एका बैठकीत, नाहीतर पुन्हा पहिल्यापासून. मुलं मग टीव्ही बंद करायची आणि यंत्र मात्र रात्रभर चालू ठेवायची. आपल्या भागात रात्रभर वीज राहील याची खात्री कोण देणार? वीज गेली की सगळी कमाई शून्यावर. त्या पिढीला नोंदीची किंमत अंधारात कळली.

मार्च २००० मध्ये जपानमध्ये ‘प्लेस्टेशन टू’ हे यंत्र बाजारात आलं. पुढे जगभर त्याचे पंधरा कोटींहून अधिक नग विकले गेले. आपल्याकडेही ते चांगलं रुजलं. इतकं की २००९ मध्ये हैदराबादच्या एका कंपनीनं त्याच्यासाठी हनुमानावरचा खेळ तयार केला आणि त्याच वर्षी विटीदांडू-कबड्डीसारखे देशी खेळही त्यावर आले. हैदराबादशी आपल्या मराठवाड्याचं जुनं नातं. त्यामुळे हे आपल्याच घरचं वाटावं. या यंत्राला खेळाची नोंद ठेवायला वेगळं कार्ड लागे. त्याची क्षमता होती आठ एमबी. आज मोबाइलमधले दोन-तीन फोटो एवढी जागा सहज खातात. त्या आठ एमबीत घरातल्या सगळ्या भावंडांचे सगळे खेळ बसवायचे.

साहजिकच कार्ड भरायचं. मग चकती न घालता यंत्र चालू करायचं, कार्ड निवडायचं, की पडद्यावर एकेका खेळाचं चित्र फिरताना दिसे. खेळ कोणता, तारीख कोणती, जागा किती व्यापली, शिल्लक किती, सगळं तिथं असे. चित्र निवडलं की दोनच मुख्य पर्याय: नक्कल करा किंवा पुसून टाका. बनवणाऱ्यांनी इथं एक गंमत करून ठेवली होती. प्रत्येक नोंदीला तीन वेगवेगळी चित्रं देता येत. एक नेहमीचं, एक नक्कल करतानाचं आणि एक पुसतानाचं. त्यामुळे काही खेळांत ‘पुसा’ म्हटलं की चित्रातलं पात्रच बदले. यंत्र जणू विचारायचं, बाबा रे, नक्की ना?

याहून मोठी गंमत दुसरीच आहे. हे यंत्र सुरू होताना पडद्यावर काळसर पोकळीत काही मनोरे उभे दिसतात. बहुतेकांना ती नुसती सजावट वाटते. पण ते मनोरे कार्डावरच्या खेळल्याच्या इतिहासावरून उभे राहतात. जसजसे वेगवेगळे खेळ पुन्हापुन्हा खेळले जातात, तसतसे ते वाढत जातात. हा इतिहास असतो कुठं? यंत्राच्या रचनेची म्हणून एक किरकोळ, अगदी थोडी जागा घेणारी फाइल असते, तिच्यासोबत. ना त्यात कोणता खेळ, ना कुणाचं नाव. जागा कमी पडली की ‘हे काय कामाचं?’ म्हणून मुलं तीच आधी उडवायची. खेळ शाबूत राहत, मनोरे मात्र नाहीसे होत.

बँकेच्या रेकॉर्ड रूममध्ये मी हे अनेकदा पाहिलं आहे. जे रजिस्टर सर्वांत निरुपयोगी दिसतं, त्याच्यातच एखाद्या शेतकऱ्याच्या तीस वर्षांच्या व्यवहाराचा धागा सापडतो. म्हणून बँकेत कागद नष्ट करायचा तर मनाला आलं म्हणून करता येत नाही. १९८५ साली याचे नियम झाले. काही पुस्तकं पाच वर्षं, काही आठ वर्षं जपायची. मुदत संपली तरी आमच्याकडे आधी यादी व्हायची, वरिष्ठाची मंजुरी यायची, दोन सह्या पडायच्या आणि मगच पोती बाहेर जायची. खात्याचंही तसंच. दोन वर्षं खातेदारानं व्यवहार केला नाही तर खातं निष्क्रिय होतं, पुसलं जात नाही. दहा वर्षं झाली तर २०१४ पासून ती रक्कम रिझर्व्ह बँकेच्या एका निधीत जाते. तरीही खातेदार किंवा त्याचे वारस पुरावा घेऊन आले, तर ती परत द्यावी लागते. माणूस आला नाही म्हणजे त्याचा हक्क संपला, असं आमचं शास्त्र मानत नाही.

घरात मात्र काय होतं? आमच्या ओळखीतल्या एका घरातली हकीकत सांगतो. थोरला दहावी होऊन लातूरला अकरावीला गेला. लातूर पॅटर्नचं वेळापत्रक तुम्हाला माहीत आहे; खेळायला वेळ कसला? मागं राहिलेल्या धाकट्याचं कार्ड भरलं. वडिलांनी सांगितलं, ‘त्याचं पुसून टाक, तो आता खेळतोय कुठं?’ धाकट्यानं पुसलं. दोन वर्षं रोज थोडा थोडा पुढे नेलेला खेळ अर्ध्या मिनिटात गेला. रविवारी थोरला आला, यंत्र लावलं, थोडा वेळ पडद्याकडे बघत राहिला आणि एवढंच म्हणाला, ‘पप्पा, इचारायचं तरी होतं की.’ वडील हसले. म्हणाले, ‘खेळच तो!’

मला हे ‘खेळच तो’ खटकतं. मुलं तासन्‌तास पडद्यासमोर बसतात ही आईबापांची काळजी खोटी नाही. अभ्यासाच्या वर्षात यंत्र कपाटात बंद करावं लागलं तर जरूर करावं. पण खेळणं थांबवणं वेगळं आणि खेळलेलं पुसणं वेगळं. पहिलं घरच्या शिस्तीत बसतं. दुसऱ्यातून मुलाला एवढंच कळतं की तुझ्या कष्टाची किंमत आम्ही ठरवणार आणि ती आम्हाला शून्य वाटते. जी गोष्ट त्यानं शंभर वेळा हरून मिळवली, ती त्याच्या लेखी त्याची मिळकत असते. आपण तिला पैशात मोजत नाही म्हणून ती मिळकत नव्हे, असं होत नाही. आज त्याच्या फायलीला न विचारता हात लावायचा आणि उद्या त्यानं दुसऱ्याच्या वस्तूला विचारून हात लावावा अशी अपेक्षा धरायची, हा हिशेब जुळत नाही.

आता कुणी म्हणेल, ती यंत्रं गेली, ती कार्डं गेली, आता जागेची टंचाई कुठं? खरं आहे. २०१३ च्या सुरुवातीला त्या यंत्राचं उत्पादनही थांबलं. पण टंचाई माणसाला काही शिकवते, हे लातूर जिल्ह्यातल्या माणसाला वेगळं सांगायला नको. एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून रेल्वेनं पहिल्यांदा पाच लाख लिटर पाणी लातूरला आलं, तेव्हा प्रत्येक घरात घागरीघागरीचा विचार होत होता. हे कशाला, ते कशाला, आणि कुणाला आधी. आठ एमबीच्या कार्डावर भावंडांत अशीच वाटणी व्हायची. भांडणं व्हायची, तह व्हायचे. ‘तुझा क्रिकेटचा ठेव, माझी कुस्ती ठेव, गाड्यांचा मिळून एकच ठेवू.’ काय राखायचं हे ठरवताना आपल्याला काय मोलाचं वाटतं, हेही मुलांना कळायचं.

आज साठा अमाप आहे, म्हणून कुणी काही ठरवत नाही आणि ठरवण्याचं काम दुसरीकडे गेलं आहे. गूगलनं २०२३ मध्ये जाहीर केलं की दोन वर्षं न वापरलेली व्यक्तिगत खाती आतल्या मजकुरासह काढून टाकता येतील, आणि त्या डिसेंबरपासून त्याची अंमलबजावणीही सुरू झाली. आधी सूचना पाठवतात हे खरं, पण जो खातं उघडतच नाही तो सूचना वाचणार कुठं? बँकेचीही मुदत दोन वर्षं आणि यांचीही दोन वर्षं. फरक एवढाच की बँकेत दोन वर्षांनी खातं झोपतं, इथं ते मरू शकतं.

पुसणं नेहमी ‘पुसा’ म्हणूनच होतं असंही नाही. एका परदेशी तरुणानं २०१४ मध्ये सांगितलेली हकीकत जगभर फिरली. तो सहा वर्षांचा असताना वडील गेले. दोघं मिळून ‘एक्सबॉक्स’ यंत्रावर गाड्यांच्या शर्यतीचा खेळ खेळत. पुढे अनेक वर्षं त्यानं यंत्राला हात लावला नाही. मग एक दिवस चालू केलं, तर वडिलांची गाडी अजून धावत होती! त्या खेळात सर्वांत वेगवान फेरीची नोंद राहते आणि ती फेरी सावलीसारखी पडद्यावर पळते. तो रोज त्या सावलीशी शर्यत लावू लागला. शेवटी तो वडिलांच्या पुढे निघाला. पण जिंकला असता तर त्याची फेरी वडिलांच्या फेरीवर लिहिली गेली असती. म्हणून तो शेवटच्या रेषेच्या अलीकडे थांबला. हरला. फाइल राहिली.

अशा फायली आपल्याकडेही माळ्यामाळ्यांवर असतील. तेव्हा यंदा माळा उपसताना एवढं करा. यंत्राच्या तोंडाशी कार्ड आहे का बघा. जमलं तर टीव्हीला जोडा आणि ज्याचं आहे त्याला फोन लावून पडदा दाखवा. दुसरं कार्ड मिळालं तर नक्कल करून ठेवा. काही खेळ नक्कल करू देत नाहीत, त्यांचं मूळ कार्डच जपा. लिहिण्या-पुसण्याचं काम चालू असताना कार्ड ओढू नका, नोंद बिघडते. आणि पुसायचंच ठरलं, तर ज्याची नोंद त्याच्याच हातून पुसा. तो कदाचित हसेल आणि म्हणेल, टाका भंगारात. मग खुशाल टाका. यंत्र वजनावर विकायला माझी काही हरकत नाही, पण विकायच्या कागदावर दुसरी सही मुलाची असू द्या.