दिवाणखान्यातले त्रिकूट

जॅझ म्हटले की आपल्याकडच्या पुष्कळ घरांत वडीलधाऱ्यांच्या कपाळाला आठी पडते. ट्रंपेटांचा गोंगाट नि हॉटेलातला नाच, एवढीच त्यांची समजूत. अशा घरासाठी मी एक तबकडी सुचवीन. तीत ट्रंपेट नाही, गाणारे कोणी नाही. पियानो, बास नि ड्रम, बस्स! तिचे नाव 'द सीन चेंजेस' आणि पियानोवर आहे बड पॉवेल.

२९ डिसेंबर १९५८ या एका दिवसात ती ध्वनिमुद्रित झाली. कोठे म्हणाल, तर अमेरिकेतल्या न्यू जर्सीत, हॅकेनसॅक गावच्या एका घरात. रूडी व्हॅन गेल्डर नावाचा गृहस्थ दिवसा लोकांचे डोळे तपासून चष्म्याचे नंबर काढी आणि उरल्या वेळात आईवडिलांच्या दिवाणखान्यात मायक्रोफोन मांडून बसे. 'ब्लू नोट' कंपनीच्या कितीतरी नामांकित तबकड्या त्या खोलीत जन्मल्या. त्या आईवडिलांच्या सोशिकपणाला माझा दंडवत!

पॉवेल १९२४ साली न्यूयॉर्कमध्ये जन्मला. वडीलही पियानो वाजवीत. बाख, मोझार्ट वगैरेंच्या संगीताची तालीम त्याला लहानपणीच मिळाली. पुढे चार्ली पार्कर सॅक्सोफोनवर आणि डिझी गिलेस्पी ट्रंपेटवर 'बीबॉप' नावाची वेगवान, वळणावळणाची नवी शैली घडवू लागले. पॉवेलने ती पियानोवर आणली. जुने वादक डाव्या हाताने ठेका अखंड चालू ठेवीत. पॉवेलने तो हात आवरला. मधूनच एखादा स्वरसमूह टाकून तो गप्प बसतो आणि उजवा हात सॅक्सोफोनसारखी एकेका स्वराची लांबच लांब ओळ विणीत जातो. ठेका सांभाळायला या तबकडीवर बासवर पॉल चेंबर्स आहे, ड्रमवर आर्ट टेलर.

पहिलीच धून 'क्लिओपात्राज ड्रीम' लावून पाहा. आधी मूळ चाल वाजते. मग तिच्याच चौकटीवर फेऱ्यामागून फेरे, दर फेऱ्यात सुचेल ते नवे. समेवर मान डोलवणाऱ्या श्रोत्याला हा खेळ परका वाटायचे कारण नाही. फरक इतकाच, की आपल्याकडे तालाचे आवर्तन फिरते, तिथे चालीखालच्या स्वरसमूहांचाही क्रम तसाच फिरून येतो. आणि कान देऊन ऐकलेत, तर पियानोच्या मागून एक घोगरा हुंकारही येतो. तो पॉवेलचाच, बोटांच्या बरोबरीने तो स्वतःशी गुणगुणत असे.

या माणसाने काय सोसले होते? १९४५ साली फिलाडेल्फियात पोलिसांनी त्याच्या डोक्यावर प्रहार केले. पुढे मनोरुग्णालयाच्या वाऱ्या सुरू झाल्या. १९४७-४८ च्या मुक्कामात विजेचे झटके दिले गेले. १९५६ साली धाकटा भाऊ रिची, तोही पियानोवादक, मोटार अपघातात गेला. म्हणून जाणकार सांगतात, खरा पॉवेल १९५० च्या आगेमागेचा. नंतरचे सारे उतरणीचे. बोटांपुरते बोलायचे तर मी वाद घालणार नाही. तेव्हाची ती वीज इथे दर वेळी चमकत नाही. पण तबकडीवरच्या नऊच्या नऊ चाली त्याच्या स्वतःच्या आहेत! दोनच मिनिटांची चिमुकली 'बॉर्डेरिक' ऐका, मग ऐसपैस पसरलेली 'कमिन अप' ऐका. दोन्ही एकाच डोक्यातून निघाल्या, आणि त्या डोक्याची वासलात लागली असे समजणाऱ्यांनी त्या जरूर ऐकाव्यात. आजाऱ्याची कीव करीत ही तबकडी ऐकणे मला तरी अपमानास्पद वाटते.

पुढच्याच वर्षी, १९५९ मध्ये, तो पॅरिसला राहायला गेला. १९६४ साली न्यूयॉर्कला परतला आणि १९६६ साली, अवघ्या एक्केचाळिसाव्या वर्षी, वारला.

तबकडीच्या वेष्टनावर फ्रान्सिस वुल्फने टिपलेले छायाचित्र आहे. पॉवेल पियानोशी बसला आहे आणि त्याच्या मागून त्याचा लहानगा मुलगा डोकावतो आहे. घरातल्या मुलांना ते आधी दाखवा, तबकडी मग लावा.